बाईंचा डावा डोळा

३ मार्च, सोमवार

आत्याने आज स्वतःची खुर्ची खिडकीपासून ओढत आतल्या दाराशी नेली आणि माझी खिडकीपाशी सरकवली.  कृत्रिम डोळे बनवणारी म्हणून लोक इतकी वर्षं तिलाच ओळखतात. मी साचे घ्यायचे, मेण वितळवायचे, तयार डोळा घासून चकचकीत करायचे. बुबुळ रंगवायचं काम मात्र तिचं. आता तिच्या हाताला कंप सुटलाय, आणि तसल्या हाताने बुबुळ रंगवता येत नाही. तेव्हा खिडकीतला उजेड आजपासून माझा.

मला आनंद व्हायला हवा होता. झालं असं की आत्यासारखं आपल्याला जमेल का, एवढंच डोक्यात घोळतंय. म्हणून हे लिहायला घेतलं. मनातली भुणभुण कागदावर उतरली तर कामाच्या वेळी डोकं मोकळं राहील असा अंदाज आहे. बघू.

चहा पिताना आत्या म्हणाली, "उद्या तुझं पहिलं गिऱ्हाईक येतंय. शाळेतल्या बाई आहेत. डावा डोळा. नीट कर."

"नीट म्हणजे किती नीट?"

"झालीस का तू सुरू?"

४ मार्च, मंगळवार

बाई आल्या. पंचेचाळिशीच्या असतील. उंच, खांद्याला कापडी पिशवी, डाव्या डोळ्यावर पांढरी पट्टी. आत येताना डावा खांदा चौकटीवर आपटला. आमचं दार अरुंदच आहे, आत्याला किती वेळा सांगितलंय.

गेल्या वर्षी आजारपणात त्यांचा डोळा काढावा लागला. जखम भरून आली आहे, आता कृत्रिम डोळा बसवायला हरकत नाही असं डॉक्टरांनी सांगितलंय. त्या चौथीच्या वर्गाला शिकवतात. सात एप्रिलला सुट्टी संपून शाळा उघडेल, त्या दिवशी त्यांना हजर व्हायचंय.

"होईल ना तोवर?" त्यांनी मला विचारलं.

"आरामात," आतून आत्या म्हणाली.

मग मी त्यांना खिडकीशी बसवलं आणि उजवा डोळा नीट पाहिला. काय सांगू. लांबून साधा तपकिरी. जवळ गेलं की बाहुलीभोवती मधाच्या रंगाची कडी, तीही एका बाजूला रुंद नि एका बाजूला निमुळती. बाहेरच्या काठावर राखाडी धूसर वर्तुळ. खालच्या भागात एक गडद ठिपका, जणू कुणी चुकून ब्रश टेकवला. इतकी गंमत एकाच बुबुळात मी पाहिली नव्हती. बाई काहीतरी सांगत होत्या, मी ऐकलंच नाही. माझी ही जुनी खोड आहे. मागे बँकेतल्या कारकूनबाई माझ्यावर यावरून चिडल्या होत्या, त्यांना वाटलं मी रोखून बघतेय.

मी हे बुबुळ हुबेहूब करणार आहे. आत्या करायची तसं 'चालेल' नव्हे. हुबेहूब.

६ मार्च, गुरुवार

साचा घेतला. डोळ्याच्या रिकाम्या खोबणीत थंडगार लगदा भरायचा आणि तो घट्ट होईपर्यंत माणसाने हलायचं नाही. "हलू नका," मी म्हटलं, तर म्हणाल्या, "वर्गात हे वाक्य माझं असतं."

गप्पिष्ट आहेत. मुलांनी त्यांचं नाव 'दुर्बीण' ठेवलंय. त्यांना ते ठाऊक आहे आणि मनातून आवडतंही. "शेवटच्या बाकावर कुणी खोडरबर फेकला तर फळ्याकडे तोंड असताना मला कळायचं," म्हणाल्या. मग गप्प झाल्या. लगदा घट्ट होत होता म्हणून असेल.

जाताना विचारलं, "शिक्षक लोक तुमच्याकडे आधी आलेत का?" मी म्हटलं, आलेत की, आत्याकडे. "मग ते परत शाळेत गेले?" मी म्हटलं, जाणारच. डोळा चांगला बसला तर का नाही जाणार?

१२ मार्च, बुधवार

पहिलं बुबुळ रंगवलं. बाहेरच्या माणसाला वाटतं, कृत्रिम डोळा म्हणजे गोटी. तसं नसतं. तो शिंपल्यासारखा पातळ असतो आणि पापण्यांच्या आत सरकवून बसवतात. त्यात बुबुळाची एक छोटी चकती असते, तिच्यावर थरावर थर द्यायचे. आधी गडद, मग तपकिरी, मग मधाचा रंग एकेका केसाच्या ब्रशने. मध्ये पारदर्शक थर, त्यावर पुन्हा रेघा, म्हणजे खोली येते. मधोमध बाहुलीचा काळा गोल. पांढऱ्या भागावर लाल रेशमाचे तंतू अंथरले की झाल्या रक्तवाहिन्या. हे सगळं सांगायला चार ओळी लागल्या, करायला माझी मान गेली.

सकाळी दहाच्या उजेडात बाईंना बसवून पाहिला. आत्या उठून आली, लांबूनच बघितलं आणि म्हणाली, "झाला की."

झाला कुठला. रंग उत्तम आहे, मी माझंच कौतुक करत नाही, पण आहे. घोडं अडलंय बाहुलीपाशी. माझी बाहुली लहान, बाईंची उजवी बाहुली चांगलीच मोठी. एक डोळा खिडकीतल्या उजेडात आणि एक अंधारात, असं दिसत होतं.

मी हे म्हणायच्या आत बाईच आरशात बघून म्हणाल्या, "जरा हिरवट वाटतोय का हो?"

हिरवट नव्हता. पण मला बरं वाटलं. बारकावे बघणारं एक तरी माणूस भेटलं. मी लगेच म्हटलं, पुन्हा करू, तोवर हा सवयीला घरी न्या. त्यांनी लगेच पट्टी लावली.

१४ मार्च, शुक्रवार

बाहुली उजेडात आकसते, अंधारात मोठी होते, हे शाळेतलं पोरही सांगेल. म्हणून तर आम्ही ठरलेल्या वेळी, ठरलेल्या खिडकीत माप घेतो. आमच्याकडे एक पुठ्ठ्याचं कार्ड आहे, त्यावर लहानापासून मोठ्यापर्यंत काळे ठिपके छापलेत. ते गालाशी धरायचं आणि जुळणारा ठिपका बघायचा. माझं माप पहिल्या दिवशी चुकलं असं समजून मी आज पुन्हा घेतलं.

आज त्याहून मोठी. त्याच खिडकीत, त्याच वेळी.

हे काय नवीन? मी विचारलं, कुठलं औषध घेता? नाही. डोळ्यात थेंब? नाही. कॉफी? चहाच, तोही बिनसाखरेचा. मी इतकी चौकशी केली की बाई म्हणाल्या, "ताई, तुम्ही डोळा बनवताय की माझं लग्न जमवताय?"

त्यांनी स्वतःच जगमधून पाणी ओतून घेतलं, ते पेल्याच्या शेजारी टेबलावर सांडलं. टेबल कलतंय बहुतेक. त्यांनी घाईघाईने रुमालाने पुसलं, माझ्याकडे न बघता. मी नंतर टेबलाच्या पायाखाली पुठ्ठा सरकवला.

१७ मार्च, सोमवार

दुसरा डोळा झाला, मोठ्या बाहुलीचा. आज बाईंची बाहुली त्याहूनही मोठी होती. शिवाय त्यांचं म्हणणं, पापणी पूर्ण मिटत नाही. मी पाहिलं, मिटत होती. पण त्यांना जाणवत असेल तर असेल. गिऱ्हाइकाला जे जाणवतं ते खरं, हे आत्यानेच शिकवलंय.

तिसरा करायचा. आत्या म्हणाली, "तू आता त्या बाईचे डझनभर डोळे करून दुकान मांडणार आहेस का?"

१९ मार्च, बुधवार

डोकं या बाहुलीने खाल्लंय. पडद्याचा रंग बदलून पाहिला. समोरच्या भिंतीवर पांढरी चादर लावली. आज आकाश ढगाळ, म्हणून माप घेतलं नाही. वाण्याकडे सुटे पैसे घेताना त्याची बाहुली पाहिली. लहान, टाचणीच्या टोकाएवढी. दुकानात अंधार असून. तो म्हणाला, "काही लागलंय का माझ्या तोंडाला?"

२१ मार्च, शुक्रवार

सापडलं. म्हणजे अर्धं सापडलं.

आत्याला खिडकीशी बसवून तिची बाहुली मोजत होते. तिची बाहुली वयोमानाने लहान, आणि हलतच नाही. गालाशी कार्ड धरून मी सहज बोलत होते. म्हटलं, तुझा तो खारीच्या केसांचा जुना ब्रश आहे ना, तो मी पलीकडच्या साइनबोर्ड रंगवणाऱ्याला वापरायला दिलाय.

माझ्या डोळ्यांदेखत आत्याची बाहुली फुलली. उजेड तोच, खुर्ची तीच, आणि काळा ठिपका फुगत गेला. मी आनंदाने ओरडलेच. आत्याने माझा हात धरला. "कुणाला दिलास? कधी?"

दिला नव्हता. कपाटातच होता. तो तिच्या हातात ठेवल्यावर बाहुली हळूहळू पूर्ववत झाली, ती मी नीट बघून घेतली. आत्या दिवसभर माझ्याशी बोलली नाही, पण एवढी किंमत काही जास्त नव्हे.

तर घाबरलं की बाहुली मोठी होते. पुस्तकात होतंच बहुधा, मी कधी लक्ष दिलं नाही. बाई माझ्या खुर्चीत बसल्या की घाबरतात. माझ्या घासायच्या मशीनचा आवाज असेल, नाहीतर त्या रसायनाचा वास. दवाखान्याची आठवण होत असेल बिचाऱ्यांना.

उपाय सोपा आहे. मशीन आतल्या खोलीत नेलं. खिडकी उघडी ठेवणार.

२४ मार्च, सोमवार

मशीन आत, वास नाही, फुलदाणीत फुलं. बाहुली तेवढीच मोठी.

मग मी ठरवलं, बाईंची बाहुली अशीच असते असं धरून चालायचं. माणसामाणसांत फरक असतो. तिसरा डोळा याच मापाने करते, म्हणजे हुबेहूब होईलच. शाळा उघडायला अजून वेळ आहे. मनात एक खोट आहे, तीही लिहून ठेवते. हा डोळा जुळला तर मी आत्यापेक्षा वरचढ, असं मला वाटणार आहे. नाही जुळला तर उद्या कुणीही म्हणेल, आत्या असती तर.

२५ मार्च, मंगळवार

बाईंचे यजमान आले होते, एकटेच. बस चालवतात. टोपी हातात धरून उभे राहिले, बसा म्हटलं तरी बसेनात.

"मॅडम, पहिल्या डोळ्यात काय वाईट होतं? तिने घरी एकदा घालून दाखवला. मला तर ओळखू येईना."

मी म्हटलं, तुम्हाला ओळखू येत नसेल, त्यांना येतं. त्यांना तो हिरवट वाटला.

"ती म्हणते, तुम्हीच सोडत नाही आहात."

"मी कशी सोडणार, त्यांनाच पटत नाहीये."

त्यांनी टोपी या हातातून त्या हातात घेतली. मग म्हणाले, मुख्याध्यापिकांचा फोन होता. सात तारखेला बाई वर्गावर आल्या नाहीत तर वर्ग नव्या शिक्षिकेकडे कायमचा जाईल आणि बाईंना कार्यालयात दाखले लिहायला बसवतील. "फोन ठेवल्यावर ती म्हणाली, कार्यालय काय वाईट आहे. ती म्हणाली हे. चौथीचा वर्ग मिळावा म्हणून जी भांडली होती ती."

जाता जाता म्हणाले, "घरात हल्ली ती कायम माझ्या डाव्या हाताला येऊन बसते. आधी कधी असं नव्हतं." याचा इथे काय संबंध, मला कळलं नाही. माणूस साधा आहे, पण विषय सोडून बोलतो.

मला राग आला होता. काम चांगलं व्हावं म्हणून जिवाचं रान करायचं आणि वर आपणच अडवलं असं ऐकून घ्यायचं. आत्याला सांगितलं. ती ब्रश धूत होती, मान वर न करता म्हणाली, "दोघी मिळून छान चाललंय तुमचं." हे टोचून बोलणं अजून ब्रशच्या त्या रागातलं असावं.

२८ मार्च, शुक्रवार

आज जे झालं ते नीट लिहिते.

तिसरा डोळा बाईंना बसवला. मी दोन पावलं मागे सरले. हुबेहूब. कड्या, ठिपका, काठावरचं धूसर वर्तुळ, बाहुली, सगळं. मला स्वतःला क्षणभर कळेना की मी केलेला कोणता. आत्या आली आणि काहीच बोलली नाही. तिच्याकडून ही मोठीच दाद. मला रडू यायच्या बेतात होतं.

बाईंनी आरसा घेतला. बघितलं. पुन्हा बघितलं. मी वाट बघत होते की आता काहीतरी काढतील, थोडा थकलेला दिसतो का, वगैरे. काही काढलं नाही. आरसा उपडा मांडीवर ठेवला.

"याच्यात काहीच चूक नाही ना?" म्हणाल्या.

"नाही," मी म्हटलं. छाती फुगली होती माझी.

"मग आता काय सांगू मी?"

मला कळलं नाही. त्या बोलत गेल्या, मुलांना उदाहरण समजावून सांगावं तसं, सावकाश. "समजा, माझ्या डाव्या हाताला एक मूल बसलंय. त्याला काही विचारायचंय. त्याने हात वर केला. माझा हा डोळा त्याच्याकडे वळलेला आहे. त्याला वाटणार, बाई बघतायत. मला ते दिसतच नाही. मी दुसऱ्याला विचारते. तो पुन्हा हात वर करतो. बाई बघतायत आणि विचारत नाहीत. असं आठवडाभर झालं की ते मूल हात वर करायचं सोडून देतं. मग पुढे ते कधीच करत नाही. मी अशी मुलं पाहिलीयत, दुसऱ्यांच्या वर्गातून आलेली. पट्टी असती तर निदान त्याला कळलं असतं. तुम्ही इतका चांगला केलात की आता कुणालाच कळणार नाही."

 या डोळ्याने दिसत नाही हे मला माहीत नव्हतं असं कसं म्हणू? माझा धंदाच आहे तो. पण कधी मनात आलं नव्हतं हे खरं. मी पंचवीस दिवस तो डोळा बाहेरून बघत होते.

मग त्या मुलांबद्दल सांगत राहिल्या. एक मुलगी फक्त अपूर्णांकाच्या तासाला बोलते. कागदाच्या घड्या घालून अपूर्णांक कसे शिकवायचे ते पिशवीतला कागद काढून दाखवायला लागल्या. अर्धा, पाव, आणि पावाचा अर्धा मुलांना अर्ध्यापेक्षा मोठा का वाटतो. हात भराभर चालत होते. मी सवयीने त्यांच्या डोळ्यांकडे बघत होते, आणि मला दिसलं की उजवी बाहुली आकसत चाललीय. आकसून पहिल्या डोळ्यात मी रंगवलेल्या मापावर आली. डावी मात्र तशीच मोठी, काळी. बोलणारी बाई मजेत, आणि अर्ध्या चेहऱ्यावर भीती.

ती भीती मी रंगवली होती. जितकी नीट जमली तितकी.

मी डोळा काढून घेतला. म्हटलं, हा नाही देणार. त्यांनी का म्हणून विचारलं नाही.

२९ मार्च, शनिवार

मशीन लावलं नाही. आत्याला विचारलं, "तुझा एखादा डोळा अगदी जुळला होता का गं? शंभर टक्के?"

"मला काय माहीत? लोक घालून गेले."

"पण तुला वाटायचं का, जुळला म्हणून?"

"वर्षाने घासून घ्यायला यायचे तेव्हा मी विचारायचे, कसं चाललंय. ते घरच्या गोष्टी सांगायचे. डोळ्याचं कुणी सांगायचं नाही."

मग थोडा वेळ गेल्यावर म्हणाली, "तू पहिला केलास तो चांगला होता. मी म्हटलं होतं तुला. तू ऐकतेस कुठे." मी म्हटलं, बाहुली लहान होती. ती म्हणाली, "बाईच मोठी झाली होती तेव्हा." तिला काय म्हणायचं होतं कोण जाणे, पण मी हसले आणि तीही.

२ एप्रिल, बुधवार

चौथा डोळा. बाहुली मधल्या मापाची. घाबरलेल्या बाईंशी जुळत नाही, रमलेल्या बाईंशीही नेमकी जुळत नाही. दोन्हींच्या मध्ये कुठेतरी बसते. कुठल्याही एका क्षणी पाहिली तर किंचित चुकलेली, असा डोळा मी मुद्दाम केला. हात चालत नव्हता. खालच्या काठाचा रंग थोडा फिका आलाय. दुपारी घासून पुन्हा रंगवायला घेणार होते, चकती चिमट्यात धरली होती.

धरलेली ठेवून दिली आणि बाईंना फोन केला. म्हटलं, शाळेची किल्ली मिळेल का? त्या म्हणाल्या, शाळेची कशाला? म्हटलं, मला तुमचा वर्ग बघायचाय. खरंच बघायचा होता. हा डोळा जिथे राहणार ती जागा मी पाहिलीच नव्हती.

४ एप्रिल, शुक्रवार

शिपायाने वर्ग उघडून दिला. खडूचा वास, भिंतीवर पाढे, इवलीशी बाकं. मी डोळा बसवून दिला. बाईंनी खिशातला छोटा आरसा काढला आणि म्हणाल्या, "जरा हिरवट..."

"हिरवट नाहीये," मी म्हटलं. "खालच्या काठाला फिका आहे, ते मला माहितीय. तरी हाच."

त्यांनी आरसा ठेवला.

मग आम्ही खेळ मांडला. बाई फळ्यापाशी उभ्या राहिल्या आणि मी एकेका बाकावर बसून हात वर करत गेले. "दिसतो?" "दिसतो." "आता?" "दिसतो." डाव्या रांगेत गेले, "आता?" उत्तर नाही. त्यांना मी हात केलाय हेच माहीत नव्हतं. न दिसणाऱ्या प्रत्येक बाकावर खडूने फुली मारली. माझे गुडघे त्या बाकांत मावत नव्हते. मग बाई एक पाऊल डावीकडे सरकल्या आणि आम्ही पुन्हा सगळं पहिल्यापासून केलं. मग कोपऱ्यात, मग खिडकीपाशी, मग टेबल हलवून. मला फार मजा आली, बऱ्याच दिवसांनी आली.

डाव्या कोपऱ्यात, दाराशेजारी उभं राहिलं की सगळा वर्ग उजवीकडे येतो. फुल्या पुसल्या. पण फळ्यावर लिहायला मध्ये यावंच लागतं, आणि मध्ये आलं की दाराजवळची दोन बाकं जातात. मी फळा सरकवता येतो का पाहिलं, भिंतीत ठोकलाय. मागच्या भिंतीवर आरसा लावू म्हटलं. बाकं गोलात लावू म्हटलं. मी खडू घेऊन जमिनीवर आकृत्या काढत होते.

"ताई, पुरे," बाई म्हणाल्या.

"दोनच बाकं राहिलीयत."

"राहू देत. त्यांना मी सांगीन."

"काय सांगाल?"

"जे आहे ते." आणि त्या दोन बाकांपाशी जाऊन उभ्या राहिल्या, कितीतरी वेळ. मी कार्ड आणलं नव्हतं. पण बाहुली मोठी होती हे मला कार्डाशिवायही दिसत होतं. घाबरलेल्याच होत्या त्या. तरी म्हणाल्या, "सोमवारी येते म्हणून मुख्याध्यापिकांना कळवते."

७ एप्रिल, सोमवार

शाळा उघडली असेल. दिवसभर फोनकडे कान. आला नाही. बाई गेल्या की नाही हेही कळेना. खालचा काठ फिकाच राहिला, तो काही पाठ सोडत नाही. आत्याने बटाटे सोलायला बसवलं आणि मी सोललेले तिने पुन्हा बघितले, किती जाड सालं काढतेस म्हणून.

८ एप्रिल, मंगळवार

फोन नाही. दुपारी एक नवं गिऱ्हाईक आलं, म्हातारे गृहस्थ, निळसर डोळे. मी माप घ्यायच्या आधी त्यांना विचारलं, दिवसभर काय करता? ते म्हणाले, त्याचा डोळ्याशी काय संबंध? म्हटलं, सांगा तर.

११ एप्रिल, शुक्रवार

राहवेना. डोळा नीट बसलाय का हे आठवड्याने तपासावंच लागतं, असं आत्याला सांगून शाळेत गेले. आत्या म्हणाली, "असं कधी लागतं?"

चौथीचा वर्ग लांबूनच ऐकू येत होता. वर्गाचं दार उघडं होतं. बाई फळ्यासमोर मध्ये उभ्या होत्या. म्हणजे गेल्या, वर्ग त्यांचाच राहिला. मला दारातच हायसं वाटलं. फळ्यावर अपूर्णांक, समोर एक मुलगी वही उंच धरून काहीतरी विचारत होती. बाईंची डावी बाजू माझ्याकडे होती. मी आधी काम बघितलं, न बघून कसं चालेल. इतक्या लांबून काठ फिका दिसत नव्हता. बाहुली जरा मोठी वाटत होती, पण एवढी नाही.

आणि बाईंनी माझ्याकडे पाहिलं. सरळ माझ्याकडे. मी हसले, हात वर केला.

त्या हसल्या नाहीत. मला वाटलं, तासाच्या मध्ये आले म्हणून रागावल्या असतील. मी हात तसाच धरून ठेवला, मग थोडा हलवला. बाई माझ्याकडे बघत होत्या आणि त्या मुलीला काहीतरी समजावत होत्या. मला वाईट वाटलं, खोटं कशाला लिहू. इतकं सगळं करून ओळखही दाखवू नये? मी परत फिरणार होते.

दाराजवळच्या पहिल्या बाकावर एक मुलगी बसली होती, दात पडलेली. तिने माझा पदर ओढला.

"हात नाही करायचा इथून," ती म्हणाली. "तो डोळा बघत नाही. खोटा आहे. इथल्यांनी बोलायचं असतं."

बाजूच्या बाकावरचा मुलगा म्हणाला, "मोठ्याने बोला. आम्ही बोलतो तसं."

तो डोळा मी रंगवला होता. एकेक रेघ माझी. त्याचा फिका काठ मला पाठ होता, आणि मी दारात उभी राहून त्याला हात करत होते.

मी हात खाली घेतला. मुलं माझ्या तोंडाकडे बघत होती.

"बाई," मी म्हटलं, "मी आलेय."

बाई सगळ्याच्या सगळ्या माझ्याकडे वळल्या.